राजपुत्राचा करगोटा

"शिनेमा बगाया जाशील तवा राणीकडं बगू नको, बाय. तिच्या हातातल्या पोराकडं बग. तू शिकलेली हायस, तुला दिसंल."

मासळीवाल्या नर्मदामावशीनं हे सांगितलं तेव्हा ती ओटीवर पाटी टेकून चंद्रकांताच्या आईसाठी बोंबील निवडत होती. साल एकोणऐंशी. चंद्रकांता पालघरच्या कॉलेजात मराठी घेऊन शिकत होती आणि त्या शनिवारी मैत्रिणींबरोबर 'जलदुर्गाची राणी' बघायला निघाली होती. तिचं सगळं लक्ष साडीच्या निऱ्यांकडे.

"पोराकडे काय बघायचं, मावशी? कापडाचं गाठोडं असतं ते. खरं मूल कोण देईल सिनेमावाल्यांना?"

"खरंच हाय. बग तरी."

"बरं, बघते," असं ती म्हणाली. म्हातारं माणूस काही सांगायला लागलं की पायात चप्पल सरकवता सरकवता आपण म्हणतो ना, तसं. नर्मदामावशीनं आणखी काही सांगितलं नाही. पाटी डोक्यावर घेतली आणि आपल्या गावाच्या, दांडीच्या वाटेला लागली.

चंद्रकांता सिनेमाला गेली आणि अडीच तास फक्त राणीकडे बघून आली.

बघण्यासारखी होतीच ती. शत्रूची गलबतं किल्ल्याला वेढा घालतात, राजा पडतो, आणि राणी पहाटे गुडघाभर समुद्रात उभी राहून तान्ह्या राजपुत्राला दाईच्या होडीत देते. देण्याआधी ते मूल रडतं. राणी रडत नाही. ती म्हणते, "आधी राज्य, मग माझं बाळ," आणि त्याला छातीशी धरते. शंख वाजतो. मूल गप्प होतं. त्या जागी अख्खं थिएटर हुंदके देत होतं. त्यातून हे चित्रण आपल्याच किनाऱ्यावर, दांडीच्या बाजूला झालेलं, म्हणून पालघरकरांना त्या रडण्यात जरा मालकी हक्कही वाटत होता.

कॉलेजच्या वार्षिक अंकात चंद्रकांतानं त्यावर चार पानं लिहिली. 'राणीच्या मिठीत बाळ क्षणात शांत होते. मातृत्वाला याहून वेगळा पुरावा कशाला हवा?' असं एक वाक्य त्यात होतं. शेवटी चुकाही काढल्या होत्या, कारण चुका काढल्याशिवाय परीक्षणाला वजन येत नाही असं तिला तेव्हा वाटे. 'रडणाऱ्या राजपुत्राच्या कमरेला काळा करगोटा आहे, त्यात चक्क कोळ्याच्या जाळ्याच्या सुताची गाठ! आणि पुढच्याच क्षणी तो गायब. राजपुत्राचा करगोटा कोणत्या मगरीने पळवला, हे दिग्दर्शकाला विचारायला हवे.' सरांनी ते वर्गात वाचून दाखवलं. वर्ग हसला. चंद्रकांता आठवडाभर जमिनीवर नव्हती.

अंकाची एक प्रत तिनं नर्मदामावशीलाही दिली. वाचता येत नव्हतं तरी मावशीनं ती पदरात गुंडाळून नेली. त्यानंतरही ती तीन-चार वर्षं दारावर येत राहिली, मासळी देत राहिली, पण सिनेमाचा विषय तिनं पुन्हा काढला नाही. चंद्रकांताला ते जाणवलंसुद्धा नाही. मग एका पावसाळ्यात मावशी गेल्याचं कळलं.

आता अठ्ठ्याऐंशी साल होतं. चंद्रकांता बोईसरला राहत होती. नवरा एकनाथ तारापूरच्या कारखान्यात सुपरवायझर, आणि मुलगी जाई आठ महिन्यांची. या आठ महिन्यांत चंद्रकांताला बघण्याची सवय लागली होती. झोपलेल्या जाईच्या नाकाखाली बोट धरून श्वास बघायचा, नखांचा रंग बघायचा, वारा कुठून येतो ते बघायचं. एकनाथ म्हणायचा, "तू कारखान्यात हवी होतीस. आमच्या बॉयलरला तुझ्याइतकं कुणी जपत नाही." ती हसायची आणि पुन्हा बोट धरायची. जाईची रडणी तर तिला पाठ झाली होती. भुकेचं वेगळं, झोपेचं वेगळं, कंटाळ्याचं वेगळं. आणि डिसेंबरात अंघोळीचं पाणी निवल्यावर रडली होती ते आणखी वेगळं. त्यात सूर आधी उंच गेला होता, मग तुकडे पडले होते, हनुवटी थरथरत होती.

संक्रांतीनंतरच्या रविवारी खालच्या मजल्यावरच्या हंसावहिनींनी हळदीकुंकू ठेवलं. त्या वर्षी त्यांनी वाणात चाळणी दिली आणि वर करमणूक म्हणून दुपारपुरता व्हिडिओ भाड्यानं आणला. कॅसेट निघाली 'जलदुर्गाची राणी'.

"अगं, मी ह्यावर लिहिलं होतं कॉलेजात," चंद्रकांता जाईला मांडीवर घेत म्हणाली.

"मग सांगू नकोस पुढं काय होतं ते," हंसावहिनी म्हणाल्या. "आम्हांला रडायचंय मोकळेपणानं."

नऊ वर्षांनी राणी जरा जाड वाटली. शालूची जर नायलॉनची होती. मागे अख्खा समुद्र, पण त्यात एक माणूस मासे धरत नव्हता. किल्ल्यात तीनशे माणसं, त्यांना कोण काय रांधून घालत होतं कोण जाणे. दाईला तर नावच नव्हतं. सगळे तिला 'दाई' म्हणत, आणि राणी तलवार घेऊन फिरे तेव्हा ते मूल कुणाजवळ असे, हे दाखवायला सिनेमाला सवड नव्हती. वीस वर्षांच्या चंद्रकांताला यातलं काही दिसलं नव्हतं. बटणाच्या जागी हूक कसा, करगोटा गेला कुठे, एवढंच तिनं टिपलं होतं.

मग पहाटेचा समुद्र आला. मूल रडायला लागलं आणि चंद्रकांताच्या मांडीवरची जाई मान वळवून पडद्याकडे बघायला लागली.

ते रडणं चंद्रकांताला ओळखू आलं. उंच जाऊन तुकडे पडणारं, गारठ्याचं.

"वहिनी, जरा मागे घ्या ना."

"का गं? शालूचा काठ बघायचाय?"

मागे घेतलं. करगोटा होता, सुताची गाठही होती. मूल रडत होतं. मग राणीचा चेहरा, शंख, आणि मूल गप्प. करगोटा नाही.

"अजून एकदा."

"टेप तुटली तर दुकानवाला माझा शालू घेऊन जाईल हो," हंसावहिनी म्हणाल्या, पण घेतलं मागे. चंद्रकांतानं भिंतीवरच्या घड्याळाच्या काट्याकडे बघून मोजलं. रडणं अकरा सेकंद. मग गप्प झालेलं ते मूल. शांत झालेलं बाळ कसं असतं, हे आता ती डोळे मिटूनही सांगू शकली असती. त्याच्या मुठी सुटतात, डोकं आपली जागा शोधतं. या मुलाच्या मुठी आवळलेल्या होत्या. डोळे उघडे, पण कुणाकडेच नव्हते. ओठांचा रंग कॅसेट जुनी म्हणून तसा दिसत होता की तसाच होता, कळत नव्हतं. हनुवटी मात्र थरथरताना स्पष्ट दिसत होती.

ते शांत झालं नव्हतं. थकून गप्प झालं होतं. आणि करगोटा काही कोणत्या मगरीनं पळवला नव्हता. तो कुणीतरी काढला होता. काढायला वेळ लागला असणार. म्हणजे पडद्यावर जो एक क्षण होता, त्याच्या मधोमध एक मोठा तुकडा कापलेला होता, आणि तिनं त्या कापलेल्या जागेवर बोट ठेवून विनोद केला होता.

"राणीकडं बगू नको, बाय."

संध्याकाळी एकनाथला सगळं सांगितलं तर तो म्हणाला, "दहा वर्षं झाली. ते पोर आता शाळेत जात असेल."

"असेल म्हणजे?"

"म्हणजे असेल. मला काय ठाऊक?"

मंगळवारी ती जाईला घेऊन आणि पिशवीत तो जुना अंक घालून दांडीच्या एसटीत बसली.

किनाऱ्यावर बोंबील वाळत होते. बांबूच्या वलांडींवर बायका दोन-दोन बोंबलांची तोंडं एकमेकांत अडकवून टाकत होत्या. चंद्रकांतानं नर्मदामावशीचं नाव घेतलं, तिच्या घरचं कुणी आहे का विचारलं.

"नर्मदाची पोर मंजुला हाय की. राजाची आय," एक जण म्हणाली, आणि दुसरी तोंडाला पदर लावून हसली. "ती हितं नाय येत आमच्यात. त्या वरच्या घराच्या मागं बग, जालं शिवत बसली असंल."

मंजुळा तशीच बसली होती. घराच्या मागे, किनाऱ्याकडे पाठ करून, पायाच्या अंगठ्यात जाळं ताणून. तिशीची असेल. चंद्रकांतानं आपलं नाव सांगण्याआधीच ती जाईकडे बघून म्हणाली, "टोपडं खाली ओढ तिचं. वारा हाय. कान उघडा पडलाय."

चंद्रकांतानं टोपडं ओढलं. ती नर्मदामावशीच्या गिऱ्हाइकाची मुलगी, एवढंच सांगून खाली बसली. सिनेमा बघितला, म्हणाली. त्यातलं मूल कुणाचं होतं?

मंजुळानं जाळ्याची एक गाठ आवळली. घराच्या मागच्या दारातून तिची सासू प्रेमला बाहेर आली. तिनं सगळं ऐकलं होतं.

"हिचंच," ती म्हणाली. "आनंदी. पोरगी हाय, पन त्यांना राजाचा पोरगा म्हनून चालली. ती बग, आली शालेतून."

दहा वर्षांची मुलगी दप्तर घेऊन कोपऱ्यावरून येत होती. ठणठणीत, काळीसावळी, गुडघ्याला खरचटलेलं. चंद्रकांताला इतकं हलकं वाटलं की डोळ्यांत पाणीच आलं. तिनं विचारलं, "कितवीत आहेस गं?" मुलीनं मान वळवून उजवा कान पुढे केला. "काय?"

"डावा गेला तिचा," प्रेमला म्हणाली. "शिनेमाच्या तिसऱ्या दिशी ताप भरला, तवा गेला. करगोटा तोडला तर काय होनार? आमच्या घरात बापाच्या जाल्याचं सूत पोराच्या कमरंला बांदतात. पोर चालाया लागंपत्तुर काडत नाय. हिनं तोडला. दातानं तोडला, आन् समिंदरात उबी राहून तोडला."

"पोर गार पडली होती," मंजुळा जाळ्याकडे बघत म्हणाली.

"गार, गार. दहा वर्सं ह्येच. अगो, सगल्या दुनियेनं बगितलं. राणीनं घेतली आन् पोर गप. तुज्याकडं कदी अशी गप झाली नाय." मग प्रेमला चंद्रकांताकडे वळली. "छापून पन आलंय. हिच्या आयनं कागूद आनला व्हता कालेजातला, गावच्या मास्तरनं समद्यांना वाचून दावला. क्षनात शांत, असं लिवलंय. शिकल्यासवरल्याला कलत नाय व्हय?"

आनंदी अंगणातून ओरडली, "मी राजा व्हते, आजी सांगते," आणि जाईला हसवायला तोंड वेडंवाकडं करू लागली.

चंद्रकांताच्या पिशवीत तो अंक होता. गप्प बसली असती तर कुणाला कळलं नसतं. मावशीनं घरी नाव सांगितलेलं दिसत नव्हतं. नर्मदामावशी अंक पदरात गुंडाळून घेऊन गेली ती काय वाटून, हे आता तिला कळत होतं. आपल्या मुलीचं कुणी ऐकत नाही, पण ही शिकलेली पोर बघेल, लिहील, मग ऐकतील. मावशीनं साक्षीदार मागितला होता. मिळालेली साक्ष मास्तरांनी मोठ्यानं वाचली, आणि ती मंजुळाच्या विरुद्ध निघाली. तरी मावशी त्यानंतरही दारावर येत राहिली होती, चांगले बोंबील निवडून देत राहिली होती.

"ते मी लिहिलं होतं," चंद्रकांता म्हणाली.

मंजुळाच्या हातातली सुई थांबली.

"चुकीचं लिहिलं. मी पोराकडे बघितलंच नव्हतं. परवा बघितलं." तिनं प्रेमलाकडे तोंड केलं, कारण सांगायचं होतं ते खरं तिला. "मावशी, सिनेमात ती रडते तेव्हा करगोटा कमरेला आहे. गप्प आहे तेव्हा नाही. म्हणजे रडण्याच्या आणि गप्प होण्याच्या मधे ही पाण्यात गेली, करगोटा तोडला, परत बाजूला झाली, आणि मग पुन्हा चित्र घेतलं. ते एका क्षणात झालेलंच नाही. सिनेमावाल्यांनी पहिला तुकडा आणि शेवटचा तुकडा जोडला. मधलं टाकून दिलं. तुमची सून जे सांगते ना, ते त्या मधल्यात आहे."

प्रेमलानं अंगणातल्या आनंदीकडे बघितलं. मग म्हणाली, "करगोट्याची गाठ दिसते शिनेमात?"

"दिसते. दुहेरी गाठ, आणि सुताचं टोक वर राहिलेलं."

"ती मी मारलेली," प्रेमला म्हणाली. "पुंडलिकच्या, माज्या पोराच्या जाल्याचं सूत व्हतं." ती उंबऱ्यावर बसली. तिला सिनेमात ती गाठ दिसली नव्हती. तीही राणीकडेच बघत होती.

"किती येल रडते ती शिनेमात?" मंजुळानं विचारलं. आजवर तिनं तो सिनेमा बघितला नव्हता.

"अकरा सेकंद."

"म्हंजे किती?"

चंद्रकांतानं किनाऱ्याकडे बोट केलं. वलांडीपाशी एक बाई वाकली, पाटीतून दोन बोंबील घेतले, त्यांची तोंडं अडकवली, बांबूवर टाकले. "एवढं," चंद्रकांता म्हणाली.

मंजुळानं पहिल्यांदाच मान वळवून किनाऱ्याकडे बघितलं. "यवढंच?"

मग ती बोलायला लागली. हळूहळू, जाळ्यावरचा हात न उचलता. पौषाचा महिना होता. शुक्र वर होता तेव्हा पोर तिच्या हातातून घेतली, आणि परत दिली तेव्हा वाळू तापायला लागली होती. मधे पाच वेळा तेच केलं. एकदा लाट मोठी आली, एकदा राणीचा पदर सुटला, एकदा ढग आला. ती दूध पाजू का म्हणाली तर म्हणाले, पाजलीस तर झोपेल, आम्हांला रडणारी हवी. शेवटच्या वेळेआधी कुणाच्या तरी लक्षात आलं की राजाच्या पोराच्या कमरेला हे काय. तिला हाक मारली, काढ म्हणाले. गाठ भिजून आवळली होती, सुटेना.

"मी बोलली, पोर गार पडली, आता बास. ते बोलले, यवढं काड, मंग एकच बाकी. मला वाटलं, तोडला तर लवकर सोडतील. म्हनून तोडला." तिनं जाळ्याचं सूत ओढलं. "मंग ती रडलीच नाय. ते बोलले, लय बेस आलं."

प्रेमलानं पदरानं नाक पुसलं. "तरी दातानं तोडाया नको व्हता," ती म्हणाली, पण आवाजात आधीचा जोर नव्हता. जरा वेळानं ती आत गेली आणि तीन कप चहा घेऊन आली. पहिला मंजुळापुढे ठेवला. तो ठेवताना मंजुळानं तिच्याकडे असं बघितलं, की त्या घरात असं रोज होत नसावं हे चंद्रकांताला समजलं.

निघताना चंद्रकांता म्हणाली, "मी पुन्हा लिहिणार आहे. खरं काय ते. तुझं नाव घालू?"

मंजुळानं विचार केला. "घाल. आन् एक लिव. समदी म्हनतात मी पोर देऊन खडकावर बसली व्हती, मजा बगत. मी पान्यात उबी व्हती. तिच्यापासनं दोन हातांवर. येल झाला तवापत्तुर माजे बी पाय सुन्न झालेले."

घरी येऊन चंद्रकांतानं दुकानातून व्हिडिओ आणि तीच कॅसेट पुन्हा भाड्यानं आणली. एकनाथ जाईला खांद्यावर घेऊन मागे उभा राहिला, आणि ती पडद्याच्या अगदी जवळ बसून कडेला मंजुळाची सावली, पदराचं टोक, पाण्यातली एखादी हालचाल शोधत राहिली. काही नव्हतं. चित्राची कड बरोबर तिथेच, राणीपासून दोन हातांच्या आत येत होती. ठरवून आखल्यासारखी.

"आता काय करणार?" एकनाथनं विचारलं.

"कडेच्या पलीकडचं लिहिणार."

तिनं लिहिलं. राणीबद्दल फार लिहिलं नाही. एवढंच म्हटलं, की आधी राज्य मग बाळ हे वाक्य राणीच्या तोंडी शोभून दिसलं, कारण हातातलं बाळ दुसरीचं होतं. बाकी सगळं मंजुळाचं लिहिलं. शुक्र, ढग, लाट, गाठ, पाणी. कानाबद्दल लिहिताना ती अडली. थंडीनं गेला की तापानं की आणखी कशानं, हे तिला माहीत नव्हतं, म्हणून माहीत नाही असंच लिहिलं. वार्षिक अंकातलं आपलं वाक्य तिनं जसंच्या तसं उतरवलं, खाली 'हे खोटे होते' असं घातलं, आणि मजकूर पालघरच्या एका साप्ताहिकाला पाठवून दिला.

शेवटचा परिच्छेद तिनं तीनदा खोडला. आधी तो क्षमेबद्दल होता, मग सिनेमांबद्दल. चौथ्यांदा जाई मांडीवर झोपली असताना, एक बोट तिच्या नाकाखाली धरून, तिनं दुसऱ्या हातानं लिहिलं, आणि तेच छापून आलं:

'मी पंधरा दिवसांतून एकदा दांडीला जाते. तान्ह्या मुलीमुळे याहून जास्त जमत नाही. मंजुळाचे यजमान होडीवर गेले की आठ-आठ दिवस येत नाहीत, आणि ती अजून वलांडींपाशी इतर बायकांत जाऊन बसत नाही. तुमच्यापैकी कुणी त्या बाजूला राहत असाल, मासळीला जात असाल, तर वरच्या घराच्या मागे जरा डोकावा. ती जाळे शिवत असेल. कशी आहेस, जेवलीस का, एवढे विचारा. त्या पहाटेबद्दल ती आपणहून बोलू लागली, तर तिचे सांगून होईपर्यंत उठू नका. वेळ लागेल. अकरा सेकंदांत होणारे ते नाही.'